ताऱ्याला क्रूर म्हणता येईल काय?



विज्ञानकथा म्हणजे पोरासोरांचे वाचन, असे समजून आपल्यातील पुष्कळ जण ती बाजूला सारतात. त्यांनी आर्थर क्लार्क यांची १९५५ सालची ‘द स्टार’ ही लहानशी कथा अवश्य वाचावी.

कथानायक जेझुइट पाद्री आहे आणि खगोलशास्त्रज्ञही. फुटून गेलेल्या एका ताऱ्याचे अवशेष पाहण्यास तो अवकाशयानातून जातो. त्या ताऱ्याभोवतीच्या एका ग्रहावर सुसंस्कृत प्राणी नांदत होते. आपला सूर्य फुटणार हे त्यांना आधीच कळले होते. परंतु दुसऱ्या ताऱ्यापर्यंत पोहोचण्याची विद्या त्यांच्यापाशी नव्हती. आपले संगीत, आपली शिल्पे, समुद्रकाठी खेळणाऱ्या आपल्या मुलांची चित्रे त्यांनी सर्वांत दूरच्या ग्रहावर भुयारात जपून ठेवली आणि मग ते जळून गेले. पाद्री स्फोटाचा काळ मोजतो. येशूजन्माच्या वेळी बेथलेहेमवर चमकला, तो तारा हाच! दयाळू ईश्वराने हे कसे केले, या प्रश्नापाशी त्याची श्रद्धा कोसळू लागते.

धम्माच्या उपासकाला हा प्रश्नच पडत नाही. याचा अर्थ त्याला त्या मुलांचे दुःख वाटत नाही, असा नव्हे. परंतु भगवान बुद्धांनी सृष्टिकर्ता नाकारला आणि कर्माचे मूळ चेतनेत दाखविले. ताऱ्याला चेतना नाही. तो कारणांमुळे पेटतो, कारणांमुळे फुटतो. तेथे दुःख आहे, क्रौर्य नाही. (क्लार्क १९५६ पासून बौद्ध सिंहलद्वीपात राहिले, हेही जाता जाता नमूद करतो.)

आता एच. जी. वेल्स यांची १८९८ सालची मंगळवासीयांच्या स्वारीची कादंबरी घ्या. तेथे मारणारा जाणूनबुजून मारतो. आणि वेल्स आरंभीच बजावतात, की मंगळवासीयांना दोष देण्यापूर्वी युरोपियनांनी टास्मानियाच्या लोकांचे काय केले ते आठवा. हे क्रौर्य होय. त्याला कर्ता आहे, म्हणून त्याला जाब विचारता येतो.

आपल्या देशातील धर्ममार्तंडांनी नेमकी येथेच लबाडी केली. पाणवठा बंद करणारा हात माणसाचा. पण दोष मात्र पूर्वजन्मीच्या संचितावर! माणसाने केलेला जुलूम त्यांनी ग्रहताऱ्यांच्या गतीसारखा अटळ ठरविला. डॉ. बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथात ह्या पूर्वकर्मवादावर घाव घातला, कारण त्यामुळे गरिबांच्या स्थितीची जबाबदारी समाजावरून आणि राज्यावरून निसटते, हे त्यांनी ओळखले होते. आजही कोणी तुम्हाला नशिबाची गोष्ट सांगू लागला, तर त्याला एवढेच विचारा: हे ताऱ्याने केले, की गावाने?