बेडकीचा पाला

बाजाराच्या दिवशी बाळूच्या पथारीभोवती माणसांचं कडं पडायचं, ते एका पानामुळे.

गर्दीतला एखादा वयस्क, चार लोकांनी मान द्यावा असा माणूस तो पुढे बोलवायचा. हातावर हिरवं पान ठेवून सांगायचा, "चावा. लगेच गिळू नका, जिभेवर घोळवा." मिनिटभरानं गुळाचा खडा द्यायचा. माणूस गूळ तोंडात टाकायचा आणि चघळता चघळता थांबायचा. गूळ गोडच लागत नसे. वाळूतला खडा तोंडात धरावा, तसं वाटे. साखर दिली तर ओली रेती.

"जिभेवरची साखर मारली बघा!" बाळू म्हणायचा. "आता रक्तातल्या साखरेचं काय होईल, ते तुम्हीच सांगा."

लोक सांगत नसत, खिशात हात घालत. पन्नास रुपयांची पुडी. दुपारपर्यंत पाटी रिकामी.

यात हातचलाखी काहीच नव्हती, हे आधी सांगायला हवं. पान खरंच तसं आहे. आजी त्याला बेडकी म्हणते, शहरातले लोक गुडमार, वैद्य मधुनाशिनी किंवा मेषशृंगी. सह्याद्रीच्या रानात झाडाझुडपांवर चढणारी ही वेल. तिच्या पानातली जिम्नेमिक आम्लं जिभेवरच्या गोड ओळखणाऱ्या जागा थोडा वेळ अडवून धरतात. आंबट कळतं, खारट कळतं, कडू कळतं, फक्त गोड तेवढं हरवतं. अर्ध्या-पाऊण तासानं तेही परत येतं. पण तोवर माणूस पुडी घेऊन एस.टी.त बसलेला असायचा.

पाला होता आजीचा. जुन्नरच्या पश्चिमेला, नाणेघाटाकडच्या डोंगरात तिची वाडी. उन्हाळ्यात अख्खी वाडी हिरड्यामागे असते. बाळहिरडा झोडायचा, अंगणात वाळवायचा आणि पोत्यानं विकायचा. आजीही तेच करी. पण तिला तिच्या सासूकडून आणखी चाळीस-पन्नास झाडांची ओळख मिळाली होती. कोणतं मूळ कोणत्या महिन्यात उकरायचं, कशाला हात लावायचा नाही, बिब्बा कुणाला उतला तर काय लावायचं. वाडीतली माणसं तिच्याकडे येत. पैसे ती घेत नसे. कुणी नारळ ठेवी, कुणी पायलीभर नागली.

तिची एकच अट असे, आणि त्या अटीपायी लोक तिच्यावर चिडत. माणूस समोर बसल्याशिवाय ती पाला देत नसे. मुंबईला असलेला मुलगा आईसाठी म्हणून आला, तरी रिकाम्या हातानं परत जाई. "आईला आण. मग बघू." समोर बसलेल्यालाही लगेच मिळायचं नाही. काय खातोस, रात्री किती वेळा उठतोस, पायाला मुंग्या येतात का, पोटुशी आहेस का, आणि अलीकडच्या वर्षांत एक प्रश्न हटकून, "शुगरची गोळी चालू हाय का?" हो म्हटलं की आजी हात झटके. "मग न्हाई. एका गाडीला दोन बैलजोड्या जुपल्या तर उतारावर गाडी कोण धरंल?"

पलीकडच्या वाडीतली ठकूमावशी अशीच दोनदा येऊन गेली. तिला सरकारी दवाखान्यातून गोळ्या चालू होत्या. दोन्ही वेळा आजीनं तिला चहा पाजला आणि पाला न देता वाटेला लावलं.

बाळू हा आजीचा नातू. चाकणच्या एका कारखान्यात कंत्राटावर होता. करोनात ते काम गेलं आणि तो वाडीवर परतला. हुशार, बोलका, आणि दोन लहान मुलांचा बाप. त्याला दिसत होतं ते खोटं नव्हतं. याच पानाची भुकटी शहरात डबीत भरून चांगल्या किमतीला विकली जात होती आणि पान मात्र त्यांच्या बांधावर फुकट वाळत होतं. त्याच सुमारास शहापूरकडच्या कातकरी तरुणांनी गुळवेल गोळा करून मोठ्या आयुर्वेदिक कंपन्यांना पुरवल्याची बातमी आली. त्यांनी केलं तर आपण का नाही?

त्यानं पाला सावलीत वाळवला, गिरणीत दळला, पाकिटं छापून आणली. पाकिटावर आजीचा फोटो, ठसठशीत कुंकू, डोईवर पदर. खाली अक्षरं: 'मधुमेह मुळापासून बरा. १०० टक्के नैसर्गिक. कोणताही दुष्परिणाम नाही.' आजीला वाचता येत नव्हतं. फोटो बघून ती लाजली आणि फोटोतल्या पदराची गाठ नीट नाही, एवढंच म्हणाली.

आधी एक बाजार, मग तीन. पुढे मुंबईकडे पार्सलं. सहा महिन्यांत आसपासच्या वेली ओरबाडून संपल्या, तेव्हा त्यानं एका व्यापाऱ्याकडून वाळलेल्या पाल्याचं पोतं घेतलं. वाळून चुरा झालेला पाला कुणाला ओळखता येतो? आजीला आला असता कदाचित, पण तिला कुणी दाखवलाच नाही. याच काळात गुळवेलीची मोठी चर्चा झाली होती. २०२१ साली मुंबईतल्या डॉक्टरांनी गुळवेल घेतलेल्या काही रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याची नोंद केली. आयुष मंत्रालयाचं म्हणणं पडलं की गुळवेलीसारखीच दिसणारी दुसरी जात तिच्या नावाखाली खाल्ली जात असावी. वाद काहीही असो, दोन वेली सारख्या दिसतात एवढं रानातल्या माणसाला शिकवावं लागत नाही. पोतं विकत घेताना बाळू ते विसरला.

श्रावणात एक दिवस वाडीत सरकारी जीप आली. अन्न व औषध प्रशासनाच्या निरीक्षक बाई, सोबत दोन माणसं. पाकिटांचे नमुने सीलबंद झाले, पंचनामा झाला, उरलेला माल ताब्यात घेतला. बघता बघता वाडी जमली आणि बोलू लागली. रान आमचं, वेल आमची, कायदा यांचा. कंपनी विकते ते चालतं, आम्ही विकलं की पोलीस.

हा राग उडवून लावण्यासारखा नाही. औषध बनवायच्या परवान्याला नियमात किमान १२०० चौरस फुटांची जागा लागते, वेगवेगळे कक्ष लागतात, जाणकार माणूस नेमावा लागतो, मालाची तपासणी लागते. हे डोंगरातल्या कुडाच्या घरानं कुठून आणायचं? ज्यांच्या पिढ्यांनी हे ज्ञान जपलं, त्यांच्याच दाराशी ते विकायची वाट इतकी अरुंद असावी, हे मलाही सलतं. परवान्यापर्यंत पोचायला त्यांना हात द्यायला हवा. पण वाट अरुंद आहे म्हणून कुंपणावरून उडी मारली, तर पलीकडे कोण उभं आहे हेही बघायला हवं.

बाई ओट्यावर बसल्या. आवाज चढवला नाही.

"हिरडा पोत्यानं विकता, तेव्हा मी येते का?"

कुणी बोललं नाही.

"हा पाला तुम्ही व्यापाऱ्याला नुसता वाळवून विकला असता, तरी मी आले नसते. कुटला, पाकिटात भरला आणि वर लिहिलं की रोग बरा होतो, तिथं ते औषध झालं. १९४० चा कायदा सांगतो, आयुर्वेदिक औषध विकण्यासाठी बनवायचं तर परवाना हवा. आणि १९५४ चा दुसरा कायदा आहे. त्यात ५४ रोगांची यादी आहे, मधुमेह त्यातलाच. यातला रोग बरा करतो अशी जाहिरातच करता येत नाही. पाकिटावरचं लिहिणं ही जाहिरात, आणि बाजारात तोंडानं ओरडलात तीही जाहिरात."

"पण पाला खरा आहे, मॅडम," बाळू म्हणाला. "पिढ्यांपासूनचा आहे."

"खरा असेल. बिब्बाही खरा आहे, बचनागही खरा आहे. परवाना असलेल्या कंपनीलासुद्धा अशी द्रव्यं असलेल्या, पोटात घ्यायच्या औषधावर छापावं लागतं की वैद्याच्या देखरेखीखाली घ्या. त्याची वेगळी यादीच आहे. बिब्बा, बचनाग, धोत्रा, गुंज, कुचला."

इतका वेळ दारात गप्प बसलेली आजी पुढे सरकली. यातलं प्रत्येक नाव तिच्या ओळखीचं होतं. "बचनाग शुद्ध केल्याबिगर देत्यात व्हय कोण?" ती म्हणाली. "मग माझ्या हातचं काय चुकलं बाई? मी कुणाला वाईट दिलं?"

"तुमच्या हातचं मला ठाऊक नाही, आजी. आपल्या समोरच्या रोग्यासाठी औषध करून देणाऱ्या वैद्याला या परवान्यातून कायद्यानं वगळलं आहे. तुमची वैद्य म्हणून नोंद नाही, तेव्हा तुम्हाला चालतं असं मी म्हणू शकत नाही. पण पाकीट समोर बसत नाही. ते कुठं गेलं, कुणी उघडलं, ते सांगाल तुम्ही?" बाईंनी पिशवीतून एक फाटकं पाकीट काढलं. "हे ग्रामीण रुग्णालयातल्या डॉक्टरांनी पाठवलं. पलीकडच्या वाडीतली एक बाई पहाटे बेशुद्ध सापडली. अंग घामानं निथळत होतं. साखर पार खाली गेलेली. सलाइनमधून साखर दिली म्हणून वाचली. गोळ्या चालू होत्या आणि वरून हे सकाळ-संध्याकाळ चमचा चमचा. दिवसभर उपास होता, श्रावणी सोमवारचा."

आजीनं नाव विचारलं नाही. पाकीट हातात घेतलं, फोटोवरून बोट फिरवलं आणि काठी घेऊन उठली.

पलीकडची वाडी म्हणजे एक ओढा आणि एक चढ. पाऊस लागलेला. बाळू मागे छत्री घेऊन धावला, तर तिनं छत्री घेतली नाही, त्यालाही परत पाठवलं नाही. ठकूमावशी खाटेवर बसलेली होती, हाताला सुईचे काळे-निळे डाग. आजीला बघून ती उठायला लागली.

"बस," आजी म्हणाली. "मी तुला न्हाई म्हणलं व्हतं ना, ठके? दोन येळा?"

"म्हणला व्हता."

"मग?"

ठकूमावशीला प्रश्नच कळला नाही. तिनं आजीच्या हातातल्या पाकिटाकडं बोट केलं. "तुमचाच फोटू व्हता की त्येच्यावर. मला वाटलं, आता आजी हो म्हणली."

बाळू दारात उभा होता, छत्री मिटायचं विसरून. आजी बराच वेळ बोलली नाही. मग तिनं ठकूमावशीचा हात आपल्या हातात घेतला, सुईच्या डागांवर अंगठा ठेवला आणि विचारलं, काय खातीस, रात्री किती वेळा उठतीस, पायाला मुंग्या येतात का. ठकूमावशी उत्तरं देत राहिली. शेवटी आजी म्हणाली, "गोळ्या सोडू नगं. उपास सोड."

घरी आल्यावर तिनं बाळूला समोर बसवलं. "वाच."

त्यानं वाचलं. मुळापासून बरा. नैसर्गिक. दुष्परिणाम नाही. वाचताना त्याचा आवाज उतरत गेला. आजीनं पाकीट चुलीच्या उजेडात धरलं.

"ही बाई," फोटोवर बोट ठेवून ती म्हणाली, "ही बाई इचारती का, गोळी चालू हाय का म्हणून?"

बाळूनं मान खाली घातली. कारखान्यातलं काम गेलं तेव्हा तो रडला नव्हता, त्या रात्री रडला. पैशाचं दुःख त्यात होतंच. पोराची फी त्याच पाकिटांतून जायची.

पुढचं लवकर सांगतो. नमुन्याचा अहवाल आला. व्यापाऱ्याच्या पोत्यातल्या मालात दुसरीच पानं मिसळलेली निघाली. तारखा सुरू झाल्या, त्या अजून चालू आहेत, आणि प्रत्येक तारखेला बाळू जातो. वकील मिळाला तेव्हा त्यानं एक पळवाट सुचवली होती, माल माझा नव्हताच असं म्हणायची. बाळूनं ती घेतली नाही. वाडीतल्या बायकांच्या बचत गटाबरोबर तो आता हिरडा-बेहडा निवडून, वाळवून किलोवर विकतो. मिळकत पाकिटांइतकी नाही. परवान्याची जागा आणि जाणकार माणूस तालुक्याच्या चार-पाच गटांनी मिळून उभं करता येईल का, याच्या दोन बैठका झाल्यात. जमेल की नाही, कुणालाच ठाऊक नाही. बांधावर त्यानं बेडकीच्या फांद्या रोवल्या. त्यातल्या अर्ध्या जगल्या.

गेल्या मार्गशीर्षात शाळेचे मास्तर वाडीवर आले. बाजारात पहिलं पान चावणारे हेच. त्यांची सातवीतली मुलं सोबत होती, त्यांना पानाची गंमत दाखवायची होती. बाळूनं वेलीची पानं तोडली, प्रत्येकाच्या हातावर एकेक ठेवलं. मुलांनी चावलं, गूळ खाल्ला, तोंडं वाकडी केली, हसली आणि उठायला लागली.

"थांबा," बाळू म्हणाला. "अजून संपलं नाही."

"आता काय?" मास्तरांनी विचारलं.

"बसा नुसते."

मुलं अंगणात बसली. ऊन कलत होतं. आजी पलीकडे हिरडा निवडत होती. बाळू थोड्या थोड्या वेळानं प्रत्येकाला गुळाचा एवढासा खडा देत राहिला. पहिल्यांदा वाळू. दुसऱ्यांदाही वाळूच. तिसऱ्यांदा एका मुलीनं मान तिरकी करून जरा जास्त वेळ चघळलं. मग तिनं बाळूकडं पाहिलं.

"यायला लागलं," ती म्हणाली.

"येतं," बाळू म्हणाला, आणि उरलेल्यांसाठी गूळ फोडायला घेतला.