हौसेची हद्द

घरात पिंजरा टांगून त्यात हिरवा पोपट ठेवणे हा गुन्हा आहे, हे महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांना आजही ठाऊक नाही. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२चा. देशी पक्ष्यांच्या व्यापाराचे दार १९९१च्या दुरुस्तीने बंद झाले. लाल चोचीचा, गळ्यात गुलाबी कंठ मिरवणारा आपला नेहमीचा पोपट या कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीत आहे. तो पकडला, विकला, विकत घेतला किंवा नुसता पाळला, तरी तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. त्याच इमारतीत वरच्या मजल्यावर कुणी दक्षिण अमेरिकेतला निळा-पिवळा मकाव पाळला असेल आणि त्याची रीतसर नोंदणी केली असेल, तर त्याला कुणी हात लावू शकत नाही.

अनेकांना हा सरळसरळ अन्याय वाटतो. आजीच्या मिठूवर बंदी आणि श्रीमंताच्या मकावाला परवाना! पण देशी पोपटावरची बंदी योग्य आहे, आणि तिचे कारण एकदा समजून घेतले की तिच्याविषयी तक्रार उरत नाही. आपल्याकडे बाजारात येणारा हिरवा पोपट म्हणजे झाडाच्या ढोलीतून काढलेले पिल्लू. विणीच्या दिवसांत पारधी झाडावर चढतात, ढोलीत हात घालतात, पिल्ले काढून करंड्यांत भरतात. वाटेत किती मरतात याचा हिशेब विकणारा ठेवत नाही. जगलेल्यांच्या किमतीत तो मेलेल्यांचीही किंमत वसूल करतो. म्हणजे पिंजऱ्यातल्या एका मिठूमागे न दिसणारी बरीच पिल्ले असतात. कायद्याने गिऱ्हाईकालाही गुन्हेगार ठरवले ते एवढ्यासाठीच. ढोलीत जाणाऱ्या हाताला बळ गिऱ्हाईकाच्या पैशानेच येते.

मग खटकते काय? हाच हिशेब आपण परदेशी प्राण्याला कधी लावला नाही, ते. १९७२चा कायदा लिहिला गेला तेव्हा डोळ्यांसमोर होती आपली जंगले, वाघांची कातडी, शिकारीचे परवाने. ब्राझीलचा मकाव किंवा मेक्सिकोचा इग्वाना पुण्या-मुंबईच्या दिवाणखान्यात येईल, याचा विचार त्यात नव्हता. धोक्यातल्या प्राण्यांच्या आंतरराष्ट्रीय व्यापाराचा ‘साइट्स’ करार १९७३ साली वॉशिंग्टनमध्ये झाला, भारत त्यात १९७६ मध्ये सामील झाला. तरी त्या कराराला देशी कायद्यात स्वतःचे प्रकरण मिळायला २०२२ची दुरुस्ती यावी लागली. दरम्यान सगळी मदार विमानतळावरच्या कस्टमवर होती. तिथून बॅग सुटली की आतला प्राणी कायद्याच्या नजरेतूनही सुटायचा.

आफ्रिकेतल्या करड्या पोपटाचे उदाहरण पुरेसे बोलके आहे. राखी अंग, लालभडक शेपटी आणि माणसाच्या आवाजाची हुबेहूब नक्कल. हीच नक्कल त्याच्या मुळावर आली. आंतरराष्ट्रीय व्यापाराच्या कागदोपत्री नोंदींतच त्याची संख्या बारा लाखांच्या पुढे जाते. चोरून नेलेले आणि वाटेत मेलेले वेगळे. घानामध्ये १९९२ नंतरच्या दोन-अडीच दशकांत हा पक्षी नव्वद टक्क्यांहून अधिक घटल्याचे अभ्यासकांनी दाखवून दिले. २०१६ साली जोहान्सबर्गच्या परिषदेत त्याला साइट्सच्या पहिल्या परिशिष्टात घातले गेले, म्हणजे जंगलातून पकडलेल्या पक्ष्याचा कायदेशीर आंतरराष्ट्रीय व्यापार थांबला. घानातली ढोली आणि विदर्भातली ढोली यांत पिल्लाच्या दृष्टीने फरक काहीच नाही.

याच जातीचा ॲलेक्स नावाचा एक पोपट शास्त्रज्ञ आयरीन पेपरबर्ग यांनी १९७७ मध्ये शिकागोच्या एका दुकानातून आणला आणि तीस वर्षे त्याच्याबरोबर काम केले. तो रंग ओळखायचा, आकार सांगायचा, सहापर्यंतची संख्या नेमकी सांगायचा, दोन वस्तूंत ‘सारखे’ काय आणि ‘वेगळे’ काय याचे उत्तर द्यायचा. ॲलेक्सची गोष्ट सांगताना लोक पक्ष्याच्या हुशारीचे कौतुक करतात. मला त्यातून दुसरेच काही ऐकू येते. इतकी बुद्धी असलेला, थव्यात राहणारा, रोज मैलोन्मैल उडणारा पक्षी आपण दोन फुटी पिंजऱ्यात एकटा ठेवतो. कंटाळ्याने तो स्वतःची पिसे उपटू लागतो, छाती उघडी पडते. मग मालक त्याला डॉक्टरकडे नेतो आणि त्वचेवर औषध मागतो. हा पक्षी नीट सांभाळला तर चाळीस-पन्नास वर्षे जगतो. इतकी वर्षे त्याला सोबत देऊ शकेल असे घर शोधूनच सापडेल.

‘परदेशी’ हा शब्द आपण फार सहज वापरतो, पण इथला पोपट तिथे परदेशीच असतो. आपला कंठवाला पोपट पिंजऱ्यांतून सुटून लंडनच्या बागांमध्ये स्थायिक झाला आहे. तिथे त्याचे हजारोंचे थवे आहेत. ईशान्य भारतापासून आग्नेय आशियापर्यंत राहणारा बर्मी अजगर हौसेपोटी अमेरिकेत गेला, वाढला, मालकाला आवरेना म्हणून किंवा निसटून फ्लोरिडाच्या एव्हरग्लेड्स दलदलीत पोहोचला. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत तिथे रस्त्यावर दिसणाऱ्या रॅकूनची संख्या ९९ टक्क्यांनी घटल्याचे आढळले. त्याच वर्षी या अजगराच्या आयातीवर बंदी आली, पण तोवर तो तिथे वीण करू लागून दशक उलटले होते. आणि आपले तारा कासव? पाठीवर पिवळ्या चांदण्या घेऊन आंध्र, तमिळनाडू, गुजरातच्या माळांवर फिरणारा हा गरीब जीव बॅगांमध्ये कोंबून बँकॉककडे, क्वालालंपूरकडे जातो. त्यालाही २०१९ मध्ये पहिल्या परिशिष्टात जावे लागले. मुंबई विमानतळावर बँकॉकहून येणाऱ्या बॅगांत साप, सरडे, माकडे सापडतात, तेव्हा वाहतूक दोन्ही दिशांनी चालते हे विसरू नये.

आपल्याकडे हीच कथा पाण्यात घडते आहे. नाण्याएवढे, हिरवे, कानाशी लाल पट्टा असलेले कासव शुभ म्हणून काचेच्या वाडग्यात आणले जाते. ते अमेरिकेतल्या मिसिसिपीच्या खोऱ्यातले. अमेरिकेनेच १९७५ मध्ये चार इंचांहून लहान कासवांची विक्री थांबवली, कारण मुले ती हाताळत, तोंडाशी नेत आणि साल्मोनेलाने आजारी पडत. आपल्याकडे ते वाडग्यात येते, काही वर्षांत ताटाएवढे होते, पाण्याला वास मारतो, आणि एका संध्याकाळी त्याला जवळच्या तळ्यात किंवा देवळाच्या कुंडात ‘मोकळे’ केले जाते. सोडणाऱ्याला पुण्य केल्यासारखे वाटते. त्या तळ्यातल्या देशी कासवांचे अन्न, उन्हाला बसायची जागा आणि रोगमुक्त पाणी यांत मात्र आता वाटेकरी आलेला असतो. उजनीच्या जलाशयात मच्छीमारांच्या जाळ्यांत येणारा सकर मासाही मत्स्यटाकीतूनच बाहेर पडलेल्या कुळातला. काच स्वच्छ ठेवतो म्हणून तो घरात आणला जातो. धरणात त्याचे काटेरी, चिलखती अंग जाळी फाडते, त्याला बाजारात भाव नाही, आणि नुकसान भरून द्यायला टाकीचा मालक येत नाही. शहरातल्या हौसेची किंमत भिगवणचा कोळी मोजतो.

हिंस्र प्राण्यांविषयीचे कायदे बहुतेक देशांत अपघातानंतर आले. ब्रिटनमध्ये साठच्या दशकात सिंहाचा छावा दुकानात विकत मिळत असे; धोकादायक वन्यप्राण्यांसाठी परवाना १९७६ पासून लागू झाला. अमेरिकेतल्या ओहायो राज्यात २०११च्या ऑक्टोबरमध्ये एका माणसाने आपल्या खासगी संग्रहातले पिंजरे उघडले आणि स्वतःला संपवले. पोलिसांना अंधार पडण्यापूर्वी गोळ्या झाडण्यावाचून मार्ग राहिला नाही. अठरा वाघांसह पन्नासच्या आसपास प्राणी मेले. ओहायोत पुढच्याच वर्षी कायदा झाला. वाघ-सिंह पाळण्यावरच्या राष्ट्रीय निर्बंधांना २०२२चा डिसेंबर उजाडला. आजाराच्या बाबतीतही तेच. २००३ मध्ये घानाहून आणलेल्या उंदरांनी शेजारच्या पिंजऱ्यांतल्या प्रेअरी डॉगना मंकीपॉक्स दिला, आणि त्यांच्याकडून तो अमेरिकेतल्या माणसांपर्यंत गेला.

आता जे सर्वांत बोचते ते. आपल्याकडे गारुड्याची टोपली कायद्याने रिकामी केली. दरवेशाचे अस्वल गेले. १९९८च्या अधिसूचनेने अस्वल, माकड, वाघ, बिबट्या, सिंह यांचे खेळ बंद झाले. तापल्या सुईने नाक टोचून अस्वलाला वेसण घातली जायची, दात पाडले जायचे. ते थांबलेच पाहिजे होते. पण त्या माणसाचे पोट त्या अस्वलावर होते. त्याला कुणी विचारले नाही की तू हे किती वर्षे सांभाळतोस, तुझा जीव त्यात गुंतला आहे का. काही ठिकाणी संस्थांनी पर्यायी धंदा उभा करून दिला, बाकीचे हमाली करायला शहरांत गेले. २०२० साली परदेशी प्राणी बाळगणाऱ्यांसाठी मात्र केंद्राने सहा महिन्यांची मुदत दिली: स्वतःहून जाहीर करा, कागदपत्रे विचारणार नाही. हजारो प्राणी जाहीर झाले. त्यांतले किती रीतसर आयात झालेले आणि किती बॅगेतून आलेले, हे त्यानंतर कुणालाच शोधता येणार नाही. नोंदणी कुठून तरी सुरू व्हायला हवी होती, हे मला मान्य आहे. पण पोटासाठी प्राणी बाळगणाऱ्याला जी सवलत नाकारली, ती हौसेसाठी बाळगणाऱ्याला दिली गेली, हे नोंदवून ठेवले पाहिजे.

प्रेमाचा मुद्दा नेहमी पुढे येतो, आणि तो खोटा नाही. अमेठीजवळ एका तरुणाने जखमी सारस बरा केला, तो पक्षी त्याच्या दुचाकीमागे उडू लागला, आणि २०२३ मध्ये वनखात्याने तो नेला तेव्हा देश हळहळला. मीही. हेमलकशाला प्रकाश आमटे यांच्याकडे शिकारीत आई गमावलेली पिल्ले माडिया लोक आणून देऊ लागले, त्यातून तिथले प्राण्यांचे अनाथालय उभे राहिले. या दोन्ही ठिकाणी आधी प्राण्यावर संकट आले आणि मग माणूस भेटला. दुकानातल्या प्राण्यावरचे संकट माणसाने पैसे मोजण्यातूनच जन्मते. कायद्याला सारसाच्या बाबतीत अधिक हळुवार होता येईल. दुकानाच्या बाबतीत हळुवारपणाला जागा नाही.

२०२४च्या फेब्रुवारीत आलेल्या नियमांनी साइट्सच्या परिशिष्टांतले जिवंत प्राणी ‘परिवेश’ संकेतस्थळावर नोंदवणे बंधनकारक केले. जन्म, मृत्यू, हस्तांतर सगळे कळवायचे. हे चांगलेच झाले. तरी परिशिष्टात नसलेला प्राणी बाहेरच राहतो. ऑस्ट्रेलियाकडचा शुगर ग्लायडर रात्री जागतो, कळपाने राहतो, झाडाझाडांवरून तरंगत जातो. तो परिशिष्टात नाही, म्हणून खिशात घालून फिरवायला मोकळा. साइट्स करार व्यापाराने एखादी जात संपेल का एवढेच पाहतो. तो प्राणी वन बीएचके घरात कसा जगेल, हे पाहणे त्याचे कामच नव्हे.

बेल्जियमने २००९ पासून सस्तन प्राण्यांसाठी उलटी पद्धत घेतली: बंदीची यादी करण्याऐवजी पाळण्याजोग्या प्राण्यांची यादी. बेचाळीस जाती त्यात होत्या. यादीत नाही तो पाळता येत नाही. त्याआधीच व्यापाऱ्यांनी या पद्धतीला आव्हान दिले होते, आणि युरोपीय न्यायालयाने २००८ मध्ये अटी घालून अशी यादी चालेल असे सांगितले होते. नेदरलँड्सची तीस सस्तन प्राण्यांची यादी २०२४च्या जुलैत लागू झाली. या पद्धतीत सिद्ध करण्याचा भार विकणाऱ्यावर येतो, सरकारला प्रत्येक नव्या फॅशनच्या मागे धावावे लागत नाही. आपल्याकडे त्याची अर्धी तयारी कायद्यातच आहे. २०२२च्या दुरुस्तीने आलेले कलम ६२-अ केंद्राला उपद्रवी परदेशी जातींची आयात, विक्री आणि बाळगणे रोखण्याचा अधिकार देते. लाल कानाचे कासव आणि सकर मासा यांची नावे त्यात सर्वांत आधी यायला हवीत. त्याबरोबरच विक्रीवर उपकर बसवून जप्त झालेल्या आणि नकोशा झालेल्या प्राण्यांसाठी प्रत्येक विभागात निवारा उभारायला हवा, कारण आज वाडग्यातले कासव परत करायला माणसाकडे तळ्याखेरीज सोपी जागा नाही. तोवर ज्यांच्या घरी असे कासव आहे त्यांनी ते तळ्यात सोडू नये. वनखात्याच्या १९२६ या क्रमांकावर फोन करून विचारावे, आणि उत्तर मिळेपर्यंत मोठ्या टाकीत, उन्हाला बसायला एक दगड ठेवून, सांभाळावे.