खुर्ची आणि सातबारा

सालगडी सरपंच झाला, तर धन्याने त्याच्यासमोर उभे राहावे काय? महागावसारख्या तालुक्यात हा प्रश्न काल्पनिक नाही. यवतमाळ जिल्ह्याच्या या दक्षिण भागात आंध, गोंड आदी आदिवासी राहतात. त्यांतील कित्येक दुसऱ्याच्या शेतात राबतात. १९९३ साली अमलात आलेल्या ७३व्या घटनादुरुस्तीने त्यांना पंचायतीत राखीव जागा दिल्या. परंतु ज्याची वर्षाची ज्वारी धन्याच्या घरून येते, तो ग्रामसभेत धन्याविरुद्ध हात कसा वर करील?

जमिनीचा प्रश्न याहून जुना आहे. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात बिगर-आदिवासींकडे गेलेली आदिवासींची जमीन काही अटींवर परत देण्याची तरतूद महाराष्ट्राने १९७४च्या कायद्याने केली. १९९६च्या पेसा कायद्याने ग्रामसभेला अधिकार दिले. पण ते अनुसूचित क्षेत्रापुरते. यवतमाळ जिल्ह्यात केळापूर, घाटंजीकडील गावे त्यात आहेत, महागाव नाही.

दूरच्या बोलिव्हियातही हेच दिसले. २००६ साली आयमारा समाजाचे इव्हो मोरालेस राष्ट्राध्यक्ष झाले. जमिनीच्या फेरवाटपाची भाषा सुरू होताच पूर्वेकडील सांताक्रूझच्या बड्या जमीनदारांनी स्वायत्ततेची मागणी नेटाने लावून धरली आणि देश दुभंगला. २००९च्या राज्यघटनेने ५,००० हेक्टरांची मर्यादा घातली, तीही पुढील जमीनधारणेपुरती.

जमीनमालक दुष्टच असतो, असे आम्ही म्हणत नाही. महागावचा कोरडवाहू कापूस पिकवणारा शेतकरी सांताक्रूझचा जमीनदार नव्हे. तोही कर्जात बुडालेला असतो. वडिलांनी पैसे मोजून घेतलेले शेत परत करताना त्याचे काळीज तुटणारच. त्याचे दुःख खरे आहे. परंतु ज्याने अडचणीच्या वर्षी ते शेत मातीमोलाने दिले, त्याचे दुःख अधिक जुने आहे, आणि ते कोणी नोंदवून ठेवले नाही.

आमच्यापैकी अनेकांच्या नावावर सातबारा आहे. आमच्या घरांतही आदिवासी गडीमाणसे राबली आहेत. त्यांच्या मुलांनी शिकावे, मत द्यावे, खुर्चीवर बसावे, असे आम्ही मनापासून म्हणतो. मात्र त्या खुर्चीवरून त्यांनी आमच्या बांधाकडे बोट दाखवले, की आम्हांला कायदा आणि शांतता आठवते. दुसऱ्याला दिलेला अधिकार आपल्या बांधापाशी येऊन थांबावा अशी इच्छा असेल, तर आपण त्याला नेमके काय दिले? याचे उत्तर महागावने देण्याआधी आपणच आपल्या घरात शोधावयास हवे.