आधी कळस

लेसिंगच्या ‘लाओकोऑन’पासून (१७६६) कलांची विभागणी अवकाशाच्या आणि काळाच्या अशी करण्याची सवय समीक्षेला जडली. लेसिंगपुढचा प्रश्न चित्र-शिल्प आणि काव्य यांचा होता. वास्तुकला पुढे अवकाशाच्या खात्यावर जणू न विचारताच जमा झाली. ही नोंद तपासून पाहायला हवी. इमारत अवकाश व्यापते हे उघडच आहे. पण ती माणसांचा काळही व्यापते. तो कोणाचा, किती आणि कोणाच्या संमतीने, असे विचारू लागताच आपण सौंदर्यशास्त्रातून नीतिविचारात येतो. प्रत्यक्षातल्या स्थपतींबाबत हा प्रश्न स्मारकाच्या गौरवात बुजून जातो. साहित्यातला स्थपती त्या दृष्टीने अधिक उपयोगाचा, कारण त्याची वास्तू आपल्यासमोर उभी नसते. समोर असतात ती फक्त तिच्यामुळे वळण लागलेली आयुष्ये.

कृष्ण याज्ञवल्कीच्या ‘कथाकल्पतरू’त असा एक स्थपती आहे. एलू राजाच्या राणीने नवस बोललेला असतो : शिवाचे मंदिर बांधीन आणि त्याचे शिखर दृष्टीस पडेपर्यंत अन्न घेणार नाही. इतर कारागीर हात टेकतात. पैठणचा कोकास मात्र आठवड्याभरात शिखर दाखवण्याचे कबूल करतो आणि वरून खाली कोरत येतो. अभ्यासक ही कथा वेरूळच्या कैलासाशी जोडतात. ते लेणे साधारणपणे आठव्या शतकातल्या राष्ट्रकूट कृष्ण पहिला याच्या नावे सांगितले जाते. कथा त्यानंतर कित्येक शतकांची. तिच्या ऐतिहासिकतेचा वाद येथे अप्रस्तुत आहे. ‘आधी कळस, मग पाया’ हे आपल्याकडे उफराट्या कारभाराचे लक्षण मानले जाते. कोकास त्याच उफराटेपणातून मार्ग काढतो. रचलेल्या मंदिरात शिखर हा भविष्यकाळ असतो. कोरलेल्या मंदिरात तो आरंभ होऊ शकतो. ही केवळ युक्ती नव्हे. कोकासाच्या कामाची मुदत त्याच्या प्रतिभेने ठरवलेली नाही, एका उपाशी देहाने ठरवलेली आहे.

याच्या अगदी उलट टोकाला इब्सेनचा हाल्वार्ड सोल्नेस उभा आहे. ‘मास्टर बिल्डर’ हे नाटक १८९२ साली प्रसिद्ध झाले आणि १८९३ मध्ये बर्लिनच्या लेसिंग थिएटरात प्रथम रंगमंचावर आले (नाट्यगृहाच्या नावातला योगायोग सोडून देऊ). या नाटकाच्या समीक्षेत इब्सेनच्या आयुष्यातल्या तरुण स्त्रियांचा शोध पुरेसा झाला आहे. त्यातून नाटकाविषयी फारसे काही कळत नाही. नाटकाचे खरे आशयद्रव्य काळ हे आहे. सोल्नेसची भरभराट एका आगीपासून सुरू होते. पत्नीचे वडिलोपार्जित घर जळते आणि त्यानंतर त्यांची तान्ही जुळी मुले दगावतात. त्याच घराच्या बागेचे तुकडे पाडून त्यावर तो लोकांसाठी घरे बांधतो. त्याच्या स्वतःच्या घरात मुलांच्या तीन खोल्या आहेत आणि मूल एकही नाही. या खोल्यांना प्रतीक म्हणून मोकळे होण्याची घाई समीक्षकाने करू नये. त्या अक्षरशः न आलेल्या काळाच्या खोल्या आहेत : भिंती आहेत, छप्पर आहे, फक्त ज्यांनी त्यांत वाढायचे ती वर्षे नाहीत.

दहा वर्षांपूर्वी एका चर्चच्या मनोऱ्यावर चढून त्याने पुष्पचक्र बांधले होते. त्या दिवशी हिल्डा नावाच्या लहान मुलीला त्याने दहा वर्षांनी राज्य देण्याचे वचन दिले, असे ती म्हणते. मुदत भरल्याच्या दिवशी ती दारात उभी राहते. त्याला काही आठवत नाही. ती मात्र त्या मुदतीत वाढली आहे. स्थपतीने सहज उच्चारलेला एक आकडा दुसऱ्याच्या आयुष्याचा आराखडा झाला.

तरीही सोल्नेसचा खरा अपराध मला हिल्डाच्या बाबतीत दिसत नाही; तो ब्रोविक पितापुत्रांच्या बाबतीत आहे. म्हाताऱ्या क्नूटला बाजूला सारून सोल्नेस वर आला, आणि आता त्याच्या मुलाला, राग्नारला, स्वतंत्र काम मिळू नये म्हणून दाबून ठेवतो आहे. मरण्यापूर्वी मुलाच्या आराखड्यांवर पसंतीचे दोन शब्द वाचावेत, एवढीच बापाची मागणी. हिल्डाच्या आग्रहाने सोल्नेस अखेर ते शब्द लिहितो. ते पोहोचतात तेव्हा म्हातारा बेशुद्ध असतो. शब्द तेच, सही तीच. फक्त ज्याच्यासाठी ते होते त्याचा काळ संपलेला. जमीन परत देता येते, जळलेले घर पुन्हा बांधता येते. अडवून ठेवलेली वर्षे कोणत्या नाण्यात फेडायची?

यावर नेहमीचे उत्तर असे की माणसे जातात, वास्तू राहते. विल्यम गोल्डिंगने ‘द स्पायर’मध्ये (१९६४) या उत्तराची कसोटी पाहिली आहे. पायाखाली चिखल असताना डीन जोसेलिन आपल्या दर्शनावर विसंबून सुळका चढवत नेतो; पिढ्यान्‌पिढ्या त्या मंदिराची निगा राखणाऱ्या घराण्यातला पँगल त्यात बळी जातो. आणि सुळका उभा राहतो. कोसळला असता तर नीतिकथा सोपी झाली असती. गोल्डिंग ती सोय वाचकाला देत नाही. सौंदर्य खरे आहे आणि हत्याही खरी आहे; एकीच्या खात्यातून दुसरी वळती करता येत नाही, कारण सुळका पाहून सुखावणारे डोळे पँगलचे नाहीत. नफा एका पिढीचा आणि तोटा दुसऱ्या माणसाचा असेल तर त्यांची बेरीज करणारा हिशेबनीस कोण, हे या युक्तिवादात कधीच सांगितलेले नसते.

मग कोकास निर्दोष ठरतो काय? राणीच्या भुकेपुरता तो ठरतो, आणि हे थोडे नाही : दुसऱ्याच्या काळाचे माप घेऊन काम आखणारा स्थपती साहित्यात विरळाच. पण कथा राणीच्या बाजूने सांगितलेली आहे. शिखर दिसले, राणी जेवली, नवस फिटला. त्या क्षणी शिखराखाली अख्खा डोंगर अजून भरीव होता. कैलासाच्या अंगणात उभे राहून वर पाहिले की तो किती खोल उतरवावा लागला याची कल्पना येते. ज्यांनी तो उतरवला त्यांच्यासाठी आठवड्याची मुदत नव्हती, कोणतीच नव्हती. त्यांनी केव्हा जेवायचे, हे ‘कथाकल्पतरू’ सांगत नाही.