श्रोत्र आणि हनू

नवविधा भक्तीत श्रवणाला अग्रमान आणि कीर्तनाला त्यामागचे स्थान का, हा प्रश्न 'दासबोधा'चा चौथा दशक वाचणाऱ्याला पडतो आणि परंपरेचा क्रम म्हणून बहुधा सोडूनही दिला जातो. परंतु गोंदियाच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात शरीररचना शिकणाऱ्या विद्यार्थ्याला खालच्या जबड्याच्या आतील अंगाला जो पातळ, चपटा अस्थिबंध दाखवला जातो, त्याचा पूर्ववृत्तान्त कळला म्हणजे तोच प्रश्न निराळ्या दाराने पुन्हा आत येतो.

कवटीच्या तळाशी असलेल्या जतुकास्थीच्या कंटकापासून निघालेला हा बंध, खालच्या दातांची नस हाडात जेथे शिरते, त्या छिद्राजवळच्या उंचवट्याला मिळतो. मुख उघडताना जबड्याचे शीर्ष पुढे सरकते, ते छिद्र मात्र फारसे जागचे हलत नाही, म्हणून नसेला ओढ बसत नाही. जबडा सावरण्याचा मुख्य भार सांध्याबाहेरील बळकट बंधावर व स्नायूंवर असल्याने आपल्या या बंधाची दखल दैनंदिन कारभारात कोणी घेत नाही. त्याचे कूळ मात्र विलक्षण आहे. गर्भात मेकेलच्या नावाने ओळखला जाणारा एक कूर्चादंड असतो. त्याच्या मागल्या टोकातून मध्यकर्णातील हातोडी व ऐरण घडतात, पुढल्या भागालगत जबड्याचे हाड तयार होते, आणि मधला दंड विरून गेल्यावर त्याचे आवरण या बंधाच्या रूपाने उरते. सुश्रुताने देहातील नऊशे बंध मोजले, आणि बांधलेल्या फळ्यांची नौका जशी पाण्यावर भार वाहते तसा त्यांच्या योगे देह भार वाहतो, असे सांगितले. पण बंधाला पूर्वजन्म असतो, हे त्या काळी कळण्याजोगे नव्हते.

कान आणि जबडा यांच्या या एकाच कुळावरून श्रवण-कीर्तनाच्या क्रमाला शरीराची साक्ष मिळाली म्हणून कोणी हर्षित होईल, तर त्याने जरा थांबावे. १८३७ मध्ये शरीररचनाशास्त्रज्ञ रायखर्टने दाखवले की, सरपटणाऱ्या प्राण्यांच्या जबड्याच्या सांध्यातील हाडे आणि आपल्या कानातील ही दोन हाडे मुळात एकच. म्हणजे सृष्टीच्या दप्तरात नोंद उलटी आहे: आधी घास, मागाहून श्रवण, जबड्याच्या चाकरीतली दोन हाडे कालांतराने कानाकडे रुजू झाली. तेव्हा श्रवणाचा अग्रमान हा निसर्गाचा हुकूम नव्हे, माणसाने विचारपूर्वक केलेला निवाडा आहे, आणि माझ्या मते त्याची थोरवी त्यामुळे वाढतेच. केनोपनिषद वाणीला आणि श्रोत्राला कोण प्रेरितो असे विचारते. त्या दोहोंतील ज्येष्ठत्वाचा वाद ते मांडीत नाही.

वाद आमच्याकडे आहे, आणि तो गालात आहे. भागवत सप्ताहाच्या मंडपात कान कथेला दिलेले आणि तोंड खर्ऱ्याला, हे दृश्य वैनगंगेच्या या मुलखात नवे नाही. खर्ऱ्यातील सुपारीने गालाच्या अस्तराखालचे ऊतक घट्ट होत जाते व तोंड उघडेनासे होते. बंध शाबूत, सांधा शाबूत, तरी घासही जाईना आणि नामही धड उमटेना. कथा कानी पडतच असते, परंतु श्रवणानंतर यावयाचे कीर्तन अशा श्रोत्याने कोणत्या मुखाने करावे?