आपली चव, दुसऱ्याचे ताट

आपल्या गावच्या पदार्थाचा अभिमान कुणाला नसतो? पण त्यासाठी दुसऱ्याच्या ताटाला नावे ठेवलीच पाहिजेत का?

नोव्हेंबर २०१३ मध्ये अमेरिकेतील ‘द डेली शो’ या दूरचित्रवाणी कार्यक्रमात जॉन स्ट्यूअर्ट या विनोदी निवेदकाने न्यूयॉर्कच्या पिझ्झाची बाजू हिरिरीने मांडली. न्यूयॉर्कचा पिझ्झा पातळ; त्याचा त्रिकोणी तुकडा दुमडून खातात. शिकागोचा खोल भांड्यात भाजलेला. चीज खाली, टोमॅटोचा रस वर. तो आपल्याला आवडत नाही, एवढे सांगून स्ट्यूअर्ट थांबला नाही. तो पिझ्झाच नव्हे, असा त्याने निकाल दिला!

दोन तोलामोलाच्या शहरांतली ही थट्टा. तिचे मलाही हसू आले. पण शाळेच्या मधल्या सुट्टीत ‘हिला काय भाकरी म्हणतात?’ असे कुणी म्हटले, की एखादे मूल मुकाट्याने डबा मिटते. ‘मला आवडत नाही’ ही झाली रुची. ‘हे ते नव्हेच’ म्हटले, की रांधणारे हातच नाकारले जातात.

आणि न्यूयॉर्कचा पिझ्झा तरी मूळचा कुठला? इटलीहून आलेल्या माणसांनी तो तिथे नेला. तिथे तो बदलला. नेपल्सच्या आचाऱ्याने असाच निकाल दिला असता तर?

आपला तो बाब्या खुशाल म्हणावे. दुसऱ्याचे ते कार्टे कशासाठी? शेजारघरून फराळाचे ताट येते. त्यातली चकली आपल्या घरच्यासारखी नसते. पण ती चकलीच असते.