सुटेपर्यंत पुसायचं नाही

संध्याकाळ आहे. कोल्हापुरात रंकाळा तलावाच्या कट्ट्यावर बसा.

चौपाटीची वर्दळ पाठीमागे असू द्या. भेळेच्या गाड्यांवरचे आवाज येतील, येऊ देत. समोर पाण्यात संध्यामठ उभा आहे. त्याच्याकडे बघत एक श्वास सावकाश घ्या.

सावकाश सोडा.

याच गावात १९ जुलै १९३८ रोजी एक मूल जन्माला येतं. जयंत विष्णू नारळीकर. वडील बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक, म्हणून लहानपण काशीत जातं.

आपणही तिकडे जाऊ. फक्त एका भिंतीपर्यंत.

भिंतीवर फळा आहे. काळा, खडूच्या भुकटीनं जरासा करडा झालेला. त्याच्यासमोर थांबा.

मोरूमामा, म्हणजे मोरेश्वर हुजूरबाजार, शिकण्यासाठी बहिणीकडे राहायला आले आहेत. ते फळ्यावर एक गणित घालतात. वर इंग्रजीत लिहितात, ‘जेव्हीएनसाठी आव्हान’. जेव्हीएन म्हणजे त्यांचा भाचा, जयंत. भाच्याला ते सुटेपर्यंत, नाहीतर तो हार मानेपर्यंत, गणित फळ्यावरच राहतं.

सकाळी ते तिथे आहे.

शाळेतून परत आल्यावरही आहे.

त्या खडूच्या अक्षरांकडे बघा. एखादी रेघ ठसठशीत, एखादी मधेच तुटलेली. खाली बरीच जागा कोरी. तुम्हीही ‘झालं का?’ असं विचारू नका. नुसतं बघत राहा.

तुमच्याही मनात असं एखादं न सुटलेलं गणित असेल. आज त्याच्याशी झटापट नको. ते फळ्यावर आहे, आणि तुम्ही समोर आहात. एवढंच पुरे.

श्वास घ्या. सोडा.

आता १९७४ साल आहे. तो मुलगा केंब्रिजला फ्रेड हॉएल यांच्याबरोबर गुरुत्वाकर्षणावर काम करून, १९६५ साली पद्मभूषण मिळवून, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आला आहे. मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेला तो एक गोष्ट पाठवतो. तिचं नाव ‘कृष्णविवर’. लेखक, नारायण विनायक जगताप.

स्वतःचीच आद्याक्षरं उलटी करून घेतलेलं नाव. अक्षरही ओळखू येऊ नये म्हणून पत्नी मंगलाताई गोष्ट आपल्या हातानं लिहून काढतात.

त्या कागदांपाशी जरा थांबा. इतका मोठा माणूस, आणि गोष्ट तिच्या स्वतःच्या पायावर उभी राहावी म्हणून आपलं नाव बाजूला ठेवतो. मला हे पहिल्या पारितोषिकाहूनही मोलाचं वाटतं. पारितोषिक त्याच गोष्टीला मिळतं.

कृष्णविवराच्या अगदी जवळ, लांबून पाहणाऱ्याच्या दृष्टीनं, वेळ मंदावते. तिथे कुणी एक श्वास घ्यावा आणि इथे रंकाळ्यावर कितीतरी पावसाळे होऊन जावेत.

तो एक श्वास घ्या. जमेल तितका लांब.

वाट बघत थांबणं कोल्हापूरला नवीन नाही. नोव्हेंबरात आणि जानेवारीच्या अखेरीस, मावळतीचे किरण महाद्वारातून अंबाबाईच्या देवळात शिरतात. हळूहळू पुढे सरकतात. दाटीवाटीनं उभी असलेली माणसं त्या उजेडावर नजर लावून असतात. सूर्यावरून निघून त्याला आठ मिनिटं होऊन गेलेली असतात. कधी ढग आडवे येतात, किरण गाभाऱ्यापर्यंत पोचत नाहीत. दुसऱ्या दिवशी माणसं पुन्हा येतात.

पुन्हा फळ्याकडे या.

पानिपतच्या लढाईत पेशव्यांच्या मुलाला, विश्वासरावांना, गोळी लागलीच नसती तर?

हे ‘तर’ फळ्यावर राहू द्या. नारळीकरांनी त्यातून ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा लिहिली. तुम्ही काही लिहू नका. फक्त ती गोळी कानाजवळून जाताना ऐका.

आणखी एक प्रश्न आहे, सगळ्यात मोठा. विश्वाला आरंभ होता का? बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाचं उत्तर मान्य करतात. नारळीकर करत नाहीत. १९९३ मध्ये हॉएल आणि बर्बिज या खगोलशास्त्रज्ञांबरोबर ते वेगळं उत्तर मांडतात. ते फारसं कुणी स्वीकारत नाही. तरीही ते शांतपणे विचारत राहतात. उत्तर बरोबर की चूक, हे आज आपण ठरवायला बसलेलो नाही. इतकी वर्षं एका प्रश्नासमोर उभं राहणं कसं असेल, तेवढंच अनुभवा.

पाय जमिनीला टेकलेले. खांदे सैल.

२० मे २०२५ रोजी पुण्यात नारळीकर गेले. वय ८६.

‘यक्षांची देणगी’ हा त्यांचा कथासंग्रह १९७९ मध्ये आला. घरी असेल तर आज काढा, नसेल तर वाचनालयातून आणा. घरातल्या मुलाला शेजारी बसवा आणि एकच गोष्ट मोठ्यानं वाचा. त्यानं काही विचारलं, तर उत्तर लगेच सांगून टाकू नका.